उपनगर, महानगर, प्राधिकरण : कोणता शब्द कुठे?

अनुवादक : अमेरिकेतल्या शहरांच्या कारभारावरचा एक लेख मराठीत करतोय. त्यात बोस्टनला लागून असलेली केंब्रिज, ब्रुकलाइन ही ठिकाणं ‘सबर्ब’ म्हणून येतात. मी डोळे झाकून ‘उपनगर’ लिहीत गेलो. पुढे आलं की ब्रुकलाइनने १८७३ साली बोस्टनमध्ये जायचं नाकारलं आणि आजही तिथला कारभार स्वतंत्र आहे. इथे अडलो. अंधेरी काही मुंबई महापालिकेला ‘आम्ही नाही येत’ म्हणू शकत नाही! दुसरा शब्द सुचतो का? शिवाय ‘मेट्रोपॉलिटन रीजन’ला नुसतं महानगर म्हणू, महानगर क्षेत्र म्हणू की महानगर प्रदेश?

डोंबिवलीकर : अडलात ते बरंच झालं. आपल्याकडे उपनगर बहुतेक वेळा महापालिकेच्या हद्दीच्या आतच असतं. मुंबईची हद्द १९५० साली जोगेश्वरी आणि भांडुपपर्यंत सरकली, १९५७ साली दहिसर आणि मुलुंडपर्यंत. यातला दुसरा पट्टा ‘विस्तारित उपनगरं’. १९९० मध्ये मुंबई उपनगर हा जिल्हा वेगळा काढला, कलेक्टर वेगळा झाला, पण महापालिका एकच राहिली. पुण्यातही कोथरूड, हडपसरला उपनगर म्हणतात आणि दोन्हींचा मिळकतकर एकाच पालिकेत जातो.

आता आमची गंमत बघा. डोंबिवली ठाणे जिल्ह्यात, पालिका कल्याण-डोंबिवली. म्हणजे मुंबईचं उपनगर मुळीच नाही. पण ज्या लोकलला रोज लोंबकळतो, ती ‘उपनगरी सेवा’, आणि ती पार कसारा-खोपोलीपर्यंत जाते. रेल्वेच्या लेखी आम्ही उपनगरात, पालिकेच्या लेखी नाही. तेव्हा ब्रुकलाइनसाठी सरळ ‘बोस्टनलगतचं स्वतंत्र शहर’ लिहा. दोन शब्द जास्त गेले तरी चालतील.

नगररचनावाला : दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर कायद्यात आहे. ७४व्या घटनादुरुस्तीत ‘महानगर क्षेत्र’ येतं : दहा लाख किंवा जास्त वस्ती, आणि त्यात दोन किंवा अधिक नगरपालिका, पंचायती वगैरे. म्हणजे घटनेच्या हिशेबी महानगर हे एका पालिकेचं नसतंच, पुष्कळ पालिकांचं मिळून असतं. उलट ‘महानगरपालिका’ मात्र एकाच शहराची. हा घोळ भाषेनेच करून ठेवलाय.

‘महानगर प्रदेश’ हा राज्य सरकारी वापर. मुंबई महानगर प्रदेशात आज नऊ महापालिका आहेत : बृहन्मुंबई, ठाणे, कल्याण-डोंबिवली, नवी मुंबई, उल्हासनगर, भिवंडी-निजामपूर, मीरा-भाईंदर, वसई-विरार, पनवेल. त्याखेरीज अंबरनाथ, बदलापूरसारख्या नगरपरिषदा आणि शेकडो गावं. भाषांतरात ‘महानगर प्रदेश’ घ्या, वाचकाला लगेच कळेल. (बांधकाम व्यावसायिकांच्या जाहिरातींमुळे ‘एमएमआर’ही रुळलंय, पण लेखात नको.)

एक सावधगिरी. ‘महानगर आयुक्त’ आणि ‘महापालिका आयुक्त’ ही वेगळी पदं आहेत. पहिला एमएमआरडीएचा (मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाचा), दुसरा पालिकेचा. बातम्यांमध्ये सर्रास गल्लत होते आणि मग मेट्रोच्या खड्ड्यासाठी भलत्याच माणसाला शिव्या बसतात.

निगडीकर : ‘प्राधिकरण’ राहिलंच की! आमच्याकडे हा कारभाराचा शब्द नाही, पत्ता आहे. ‘कुठे राहता?’ ‘प्राधिकरणात.’ पिंपरी-चिंचवड नवनगर विकास प्राधिकरण १९७२ साली झालं, त्याने प्लॉट पाडले, रस्ते आखले. कागदोपत्री सेक्टरला ‘पेठ क्रमांक’ म्हणायचे, म्हणजे आम्ही पेठेतलेच, फक्त सदाशिव नव्हे! २०२१ मध्ये ते पीएमआरडीएत (पुणे महानगर प्रदेश विकास प्राधिकरणात) विलीन झालं. संस्था गेली तरी रिक्षावाल्याला अजून ‘प्राधिकरण’च सांगतो. नाशिक आणि संभाजीनगरात ‘सिडको’चं, म्हणजे वसाहती उभारणाऱ्या सरकारी महामंडळाचं, हेच झालंय.

नगररचनावाला : शब्द पत्ता झाला ते ठीक, पण लेखात फरक दाखवायलाच हवा. पालिका म्हटलं की नगरसेवक आला, निवडणूक आली. प्राधिकरण सरकार नेमतं. एमएमआरडीए १९७५ पासून आहे. पूल, मेट्रो, आराखडे तिच्याकडे, पण तिच्यासाठी कुणी मत दिलेलं नाही. घटनेत महानगर नियोजन समितीचीही तरतूद आहे, तिच्यात किमान दोन तृतीयांश सदस्य निवडून आलेल्यांमधून यायला हवेत. ती कुणाच्या बोलण्यात येते का? मी तर चहाच्या टपरीवर ‘एमएमआरडीए’च ऐकतो. त्यामुळे मूळ लेखात ‘अथॉरिटी’ असेल तिथे प्राधिकरण आणि ‘कौन्सिल’ असेल तिथे परिषद, ही शिस्त पाळा. सगळ्यालाच ‘प्रशासन’ लिहून मोकळे होऊ नका.

शुद्धलेखनप्रेमी : जाता जाता : बृहत् + मुंबई = बृहन्मुंबई. ‘बृहनमुंबई’ नव्हे. फलकांवरही चुकतात.

अनुवादक : सगळ्यांचे आभार. आता ‘अ‍ॅनेक्सेशन’चं सांगा. हद्दवाढ की विलीनीकरण?

डोंबिवलीकर : शहराच्या बाजूने बोलायचं तर हद्दवाढ. एकदा आत आल्यावर ती ‘समाविष्ट गावं’. पुण्यात २०१७ साली अकरा आणि २०२१ साली तेवीस अशी आली, आणि त्यातली फुरसुंगी, उरुळी देवाची पुढे वेगळी नगरपरिषद करून बाहेरही काढली. आमच्याकडची सत्तावीस गावं १९८३ मध्ये आत, २००२ मध्ये बाहेर, २०१५ मध्ये पुन्हा आत. तिथल्या माणसाला ‘तुम्ही कुठले?’ विचारलं तर तो गावाचंच नाव सांगतो.

अनुवादक : मग असं केलं : ‘ब्रुकलाइनने १८७३ साली बोस्टनच्या हद्दवाढीला विरोध केला.’

डोंबिवलीकर : ‘विरोध’ नको. विरोध तर सत्तावीस गावांनीही केला होता. ब्रुकलाइनकरांनी मतदान करून प्रस्ताव फेटाळला. ‘बोस्टनमध्ये जायचं नाही, असा कौल दिला’ लिहा.