बक्षीसपत्रात अट लिहाच

"गणपतीला मुलगा आला की बाग आणि घर त्याच्या नावावर करून टाका, मग तो बघेल" हा सल्ला अर्धाच आहे. बक्षीसपत्र (हयातीतच मालमत्ता मोबदल्याशिवाय देण्याचा दस्त) करायचंच तर त्यात 'आईवडिलांचं जेवणखाण, औषधपाणी आणि राहत्या घरात हयातभर राहणं याची जबाबदारी मालमत्ता घेणाऱ्यावर' अशी अट स्पष्ट लिहून घ्या. २००७ च्या ज्येष्ठ नागरिक कायद्याचं कलम २३ (आंब्याचं नव्हे!) याच अटीवर उभं आहे. ती मोडली तर व्यवहार रद्द करून मागता येतो. नोंदणी कार्यालयाबाहेरच्या छापील मसुद्यात 'प्रेमापोटी, विनाअट' असं असतं आणि घोडं तिथेच अडतं. मुलांकडून पोटगीच्या मागणीसह हा अर्ज प्रांताधिकाऱ्यांच्या न्यायाधिकरणात करायचा. पोटगीची कमाल मर्यादा सध्या महिना १०,००० रुपये.

आणि आपल्याकडचा खास घोळ म्हणजे सामायिक सातबारा. आजोबांच्या नावाखाली चुलत्यांची वीस नावं असतील तर आईवडिलांना फक्त स्वतःचा हिस्साच देता येतो. आधी वारस नोंद, मग जमल्यास वाटप, बक्षीसपत्र त्यानंतर. घाई नसेल तर सरळ मृत्युपत्र करा, ते हयातीत केव्हाही बदलता येतं.