कानातली शिट्टी म्हणजे अनाहत नाद? ('अनाहताची वीण'च्या निमित्तानं)

काळी चार
परवा इथं कुणीतरी लिहिलं की 'अनाहताची वीण' हे पुस्तक वाचल्यावर गाणं शिकायची गरजच उरत नाही. विश्व म्हणे ४३२ कंपनांच्या एका सुरावर उभं आहे, सात स्वर म्हणजे सात ग्रह, आणि कानात आपोआप सूर, म्हणजे कुणी न वाजवता ऐकू येणारा 'अनाहत नाद', वाजायला लागला की माणूस पोचला. खाली हात जोडलेल्यांची रांग. मी ते पुस्तक शेवटच्या पानापर्यंत वाचलं आणि राहवेना म्हणून लिहितेय.

मी गाणं शिकवते. माझा सा काळी चारचा, म्हणजे पेटीच्या चौथ्या काळ्या पट्टीचा, माझ्या गुरुजींचा काळी एकचा. ज्याचा गळा त्याचा सा, आणि तानपुरा त्या गळ्याला लावायचा, हा आपल्या संगीताचा पाया आहे. तिथं एकच आकडा विश्वाचा सूर म्हणून आणून ठेवायचा हे मला पटत नाही. शिवाय ४३२ म्हणजे सेकंदाला ४३२ कंपनं. सेकंद कुणी केला? दिवसाचे ८६,४०० तुकडे माणसानं पाडले. तुकडे वेगळे पाडले असते तर आकडाही वेगळा आला असता. पुस्तकात ४४० ला आसुरी सूर म्हटलंय. १९३९ साली लंडनच्या परिषदेत वाद्यं एकमेकांशी जुळावीत म्हणून तो ठरला, एवढंच.

आणि 'संगीतरत्नाकर' लिहिणाऱ्या शार्ङ्गदेवाचं नाव पानोपानी घेतलंय. तेराव्या शतकात देवगिरीला बसून त्यानं स्पष्ट लिहिलं की अनाहत नाद मुक्ती देतो, पण लोकांचं रंजन करत नाही. म्हणून पुढचा सगळा ग्रंथ आहत, म्हणजे गाऊन-वाजवून निघणाऱ्या, नादावर आहे. हे पुस्तकात कुठंच नाही.

बाळीवेसकर
ताई, तुम्ही गणित मांडलंत, पण पुस्तक गणिताचं नाही. माझी आई रात्र रात्र झोपत नव्हती. कानात सारखं कुईं वाजायचं. डॉक्टर म्हणाले, वयामुळे आहे, औषध नाही, सवय करून घ्या. तेवढ्यावर आम्ही घरी. या पुस्तकात तिनं वाचलं की भुंगा, बासरी, घंटा असे नाद साधकाला ऐकू येतात, घाबरायचं नाही. त्या दिवसापासून तिची भीती गेली. आता शांत झोपते. हे तुमच्या सेकंदानं केलं नाही.

पूर्व भाग
काय बोलालाव ओ बाळीवेसकर? त्याच पुस्तकात मागाचं अख्खं प्रकरण आहे, ते वाचलं का? लिहिलंय की यंत्रमागाची खडखड हा शिवाचा ताल, आणि विणकर नकळत साधना करतो. आमचे नाना जन्मभर मागावर होते. शेडमध्ये एकमेकांशी खुणेनं बोलायचे. आधी बारीक आवाज गेले, नातवाचं बोलणं कळेना. मग ती शिट्टी सुरू झाली. ती काही साधनेनं नाही आली, मागानं आणली. कानात कापसाचा बोळा सोडून मालकानं काही दिलं नाही.

आणि पुढचं ऐका. पुस्तकात लिहिलंय, अनाहत ऐकायचा तर कानातलं यंत्र काढून ठेवा. नानांनी ठेवलं. कसंबसं पैसे साठवून घेतलेलं मशीन कपाटात पडलंय आणि नाना कोपऱ्यात बसून शिट्टी ऐकतात. हाक मारली तर बघत नाहीत. माझं भांडण त्या एका ओळीशी आहे.

भौतिकचे सर
४३२ बद्दल काळी चार यांचं बरोबर आहे. पण विश्वात संगीत शोधणाऱ्या सगळ्यांना एका फटक्यात उडवू नका. खगोलशास्त्रज्ञ केपलरनं १६१९ साली ग्रहांना स्वर वाटून दिले, अगदी स्वरलिपीत. ते स्वर राहिले नाहीत, पण त्याच ग्रंथात ग्रहगतीचा तिसरा नियम आहे आणि तो आजही शिकवतो. आपल्याकडे भौतिकशास्त्रज्ञ सी. व्ही. रामन यांनी मृदंग-तबल्याच्या शाईचा अभ्यास करून दाखवलं की साध्या चामड्यातून न निघणारे सुरेल स्वरांश त्या शाईमुळे निघतात. गूढ वाटलेल्या गोष्टीमागे लागलं तर असंही हाती येतं.

नासानं सूर्याचा ॐ पकडला असं जे फिरतं, ते मात्र साफ खोटं. पोकळीत आवाज जात नाही. पर्सियस दीर्घिकासमूहातल्या वायूत दाबाच्या लहरी सापडल्या, २००३ मध्ये. त्यांचा सूर हार्मोनियमच्या मधल्या साच्या ५७ सप्तकं खाली. तो कुठल्याही साधकाला ऐकू येणार नाही.

बाळीवेसकर
म्हणजे लहरी आहेत. हेच तर पुस्तक म्हणतं!

भौतिकचे सर
लहरी आहेत. ॐ नाही, ४३२ नाही, सात ग्रहही नाहीत. तुम्हाला यातलं एवढंच हवं असेल तर घ्या.

होटगी रोड
तुम्ही विश्वाचा नाद शोधताय आणि इथं मिरवणुकीच्या डीजेनं खिडकीची तावदानं हलतात. निवासी भागात दिवसा ५५ डेसिबल, रात्री ४५, असा नियम २००० सालापासून आहे. माझ्या सासूबाई हृदयाच्या ऑपरेशननंतर घरी आल्या त्या रात्री दारात भिंतीएवढे स्पीकर. फोन केला तर 'बघतो' म्हणाले. कानाचं बोलायचं तर यावर बोला.

बाळीवेसकर
डीजेवर मी तुमच्या बाजूनं. हलगी, लेझीम असताना त्या डब्यांची गरज काय? आपल्या सोलापूरच्या सिद्धेश्वर यात्रेत, गड्ड्याला, नंदीध्वजाच्या उंच काठ्या निघतात, पांढऱ्या बाराबंदीतले मानकरी चालतात, ती मिरवणूक अंगावर काटा आणते. डीजे लागत नाही.

पूर्व भाग
हलगी शेजारी उभं राहून ऐका, मग सांगा. आपला तो नाद आणि दुसऱ्याचा तो गोंगाट, असं नको. आणि ४५ डेसिबल रात्रीचे म्हणता, आमच्या गल्लीत शेड आणि घराची भिंत एकच. तिसऱ्या पाळीत माग चालतात तेव्हा होटगी रोडवरून कुणी फोन केला नाही.

होटगी रोड
माग म्हणजे पोट आहे. डीजे म्हणजे मस्ती. दोन्ही एका तराजूत घालू नका.

पूर्व भाग
पोटासाठी गेलेला कान कमी बहिरा असतो का?

काळी चार
डीजेचा वेगळा धागा काढा, मीही लिहीन. इथं नानांचं बोलायचं आहे.

बाळीवेसकर, तुमच्या आईची भीती गेली, झोप लागली, हे मी मानते. त्या आवाजाची भीती कमी झाली की त्रास कमी होतो, हे डॉक्टरही सांगतात. तुमच्या डॉक्टरांनी 'सवय करून घ्या' म्हणताना सवय करायची कशी हेही सांगायला हवं होतं. ते पुस्तकानं सांगितलं, इतकं श्रेय द्या त्याला. पण ज्याला ऐकू कमी येतं त्याला मशीन काढायला सांगणं हा गुन्हा आहे. बाहेरचे आवाज कानात आले की ती शिट्टी बऱ्याच जणांना उलट कमी जाणवते.

बाळीवेसकर
मशीन काढा असं लिहिलंय ते पान मी पाहिलं. ते चुकीचं आहे. बाकीचं पुस्तक मी सोडणार नाही.

पूर्व भाग
सोडू नका. नाना माझं ऐकत नाहीत, पुस्तक वाचणाऱ्याचं ऐकतील. रविवारी घरी या आणि तुमच्या तोंडानं त्यांना सांगा.

बाळीवेसकर
येतो. पत्ता कळवा. आईलाही आणतो.