मदत हवी आहे: स्थानिक समितीत माणसंच नाहीत, तक्रार पडून आहे

नमस्कार मंडळी,
माझी मावसबहीण तालुक्याच्या गावी कापडदुकानात कामाला आहे. मालक धरून सहा-सात माणसं, त्यामुळे अंतर्गत समितीचा (मोठ्या आस्थापनेत अशा तक्रारी ऐकणारी तिथलीच समिती) प्रश्नच नाही. मालकाच्या मेव्हण्याविरुद्ध तिने लैंगिक छळाच्या २०१३ च्या कायद्याखाली जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे (अंतर्गत समिती नसलेल्या ठिकाणच्या तक्रारी तीच ऐकते) तक्रार दिली. तीन महिन्यांच्या मुदतीत, सहा प्रतींत. पोच आहे, आवक क्रमांक आहे. पुढे सगळं ठप्प.

महिला व बालविकास कार्यालयातले क्लार्क म्हणाले, "अध्यक्षा आणि आमचे साहेब एवढेच उरलेत. बाकीच्यांची मुदत संपली. तिघं बसल्याशिवाय सुनावणी नाही, आणि साहेबांकडे शेजारच्या जिल्ह्याचा अतिरिक्त कार्यभार."

चौकशी ९० दिवसांत संपवा असं कायदा म्हणतो, पण संपवणार कोण? ही काही पगारी तपास यंत्रणा नाही. नियमांत अध्यक्षांना दिवसाला २५० रुपये भत्ता, सदस्यांना २००, वर प्रवासखर्च. एवढ्यावर कोण चकरा मारणार? (समिती कागदावर होती हेच नशीब म्हणायचं.) इकडे बहिणीला काउंटरवरून काढून माळ्यावर गठ्ठे लावायला पाठवलंय, आणि माळ्याची शिडी नेमकी त्या माणसाच्या खुर्चीमागे.

रिकाम्या जागांसाठी अर्ज कुणाकडे करायचा? तोवर तिला रजा मिळेल का? 'वकील करा' नको, समितीपुढे वकील चालत नाही.

प्रतिसाद १:
महिला व बालविकासचे उंबरे झिजवू नका. सदस्य नेमतो तो 'जिल्हा अधिकारी', म्हणजे सरकारने त्यासाठी नेमलेला जिल्हाधिकारी किंवा उपजिल्हाधिकारी. त्याच्या नावाने कलेक्टर ऑफिसात अर्ज द्या. गोवा विद्यापीठाच्या प्रकरणातून पुढे आलेल्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने डिसेंबर २०२४ मध्ये आदेश दिलेत: ३१ जानेवारी २०२५ पर्यंत प्रत्येक जिल्ह्यात समिती हवी. त्याचा उल्लेख करा, फाइल हलते. सोबत आरटीआय टाका: सदस्य कोण, कधी नेमले, मुदत कधी संपली. रजा तीन महिन्यांपर्यंत मिळू शकते, पण तीही समितीच्या शिफारशीवरच. तरी मागणी आजच लेखी देऊन ठेवा. पोलिसांत जायला मात्र समितीची वाट बघावी लागत नाही.

धागाकर्ती:
खूप आभार. आरटीआय तिच्या नावाने की माझ्या? गावात नाव फुटलं तर पंचाईत.

प्रतिसाद १:
तुमच्याच. तक्रारीबद्दल अवाक्षर नको, फक्त समितीबद्दल विचारा.