स्पॅनिश रॅप सुचवा, पार्टीवालं नको

घाटावरचा_विकी
नमस्कार मंडळी. गेल्या जूनपासून स्पॅनिश शिकतोय, ए-टू (म्हणजे दुसरी पातळी) संपत आलीय. मॅडम म्हणाल्या गाणी ऐका, कान तयार होईल. ऐकली. पण यूट्यूब काही केल्या रेगेटॉनच्या, म्हणजे त्या लॅटिन पार्टीगाण्यांच्या, बाहेर पडू देत नाही आणि दोन महिन्यांत माझा शब्दसंग्रह म्हणजे बेबी, कंबर, रात्र, हळूहळू. बस्स. एवढ्यावर नोकरी कोण देणार?
ब्रेकिंग बॅडच्या चौथ्या सीझनमध्ये जेसी माइकच्या गाडीतून दिवसभर गावभर फिरतो ना, तिथे मागे एक बाई एकदम थंड आवाजात रॅप करते, तसलं काहीतरी पाहिजे. विषय असलेलं, समाजाबद्दल बोलणारं. प्लेलिस्ट नको, एकच अल्बम सांगा, पहिल्यापासून शेवटपर्यंत बसून ऐकेन.

रानजाई
ती बाई म्हणजे आना तिझू, गाण्याचं नाव १९७७, ते तिचं जन्मवर्ष. पण तू सुरुवात कर 'बेंगो'पासून, २०१४ चा अल्बम आहे. लिहिताना व्ही लिहितात, म्हणताना ब म्हणतात, हे मॅडमनी सांगितलंच असेल. अर्थ 'मी येते'.
आधी थोडी पार्श्वभूमी, नाहीतर अर्धी मजा जाईल. ११ सप्टेंबर १९७३ ला चिलीत लष्करप्रमुख पिनोशेने उठाव करून सत्ता घेतली, हजारो लोकांना देश सोडावा लागला, त्यात हिचे आईवडील होते, म्हणून ही जन्मली फ्रान्समधल्या लिल शहरात. (आडनाव आईचं लावते. आई समाजशास्त्रज्ञ आहे.) म्हणजे जो देश आपला आहे असं घरात रोज ऐकलं तो आधी पाहिलेलाच नाही, नंतर तिकडे जाऊन राहायचं. अशा माणसाने अल्बमला 'मी येते' नाव दिलंय हे लक्षात ठेवून पहिलं गाणं लाव.
दुसरं म्हणजे यात सँपल, म्हणजे जुन्या रेकॉर्डिंगचे तुकडे, उचलून बीट केलेले नाहीत, चारांगो, केना ही आंदीज डोंगरातली वाद्यं, ट्रम्पेट वगैरे सगळं प्रत्यक्ष वाजवलंय. केना म्हणजे साधारण आपल्या पाव्यासारखी, फक्त उभी धरतात. रॅपखाली हे वाजतं तेव्हा जे काही होतं ते मला लिहून सांगता येत नाहीये, ऐकच.
'सोमोस सुर' चुकवू नकोस, आम्ही दक्षिण. आफ्रिका आणि लॅटिन अमेरिकेतल्या देशांची नावं ती एकामागून एक घेत जाते, आणि मग शादिया मन्सूर ही ब्रिटिश-पॅलेस्टिनी रॅपर अरबीत सुरू होते. एक अक्षर कळत नाही तरी मी ते कडवं तीनदा मागे नेऊन ऐकलंय. 'आंतिपात्रिआर्का' म्हणजे पुरुषसत्तेच्या विरोधात, विषय नावावरूनच कळेल. मी तुझी बहीण असेन, मुलगी असेन अशी सुरुवात आहे, वाक्यं सोपी, ए-टूवाल्याला निम्मं तरी कळेल. आणि 'रिओ आबाहो' नदीवरचं. चिलीत पिनोशेच्याच काळात, १९८१ च्या कायद्याने पाण्याचे हक्क खाजगी मालमत्तेसारखे विकता-घेता येऊ लागले, तेव्हा तिकडे नदीवरचं गाणं म्हणजे नुसतं निसर्गवर्णन नसतं.

बूमबॅप_बंड्या
ताई, सगळं मान्य पण त्याने रॅप मागितलंय. बेंगो चांगला आहे पण त्यात गाणं जास्त आणि रॅप कमी, मधे मधे तर नुसतं गातेच. १९७७ नावाचाच अख्खा अल्बम आहे की! साधा बीट, एक बाई, एक माईक, विषय संपला. त्याला तेच आवडलंय आणि तुम्ही त्याला पावा ऐकायला लावताय.
पोलिटिकलच पाहिजे तर 'ला बाला' घे, दोन्हींच्या मधला अल्बम. त्यातलं 'शॉक' २०११ च्या विद्यार्थी आंदोलनाशी जोडलेलं आहे, तेव्हा तिकडच्या पोरांनी मोफत शिक्षणासाठी शाळा ताब्यात घेतल्या होत्या, व्हिडिओ त्याच पोरांसोबत केलाय. आमच्या कॉलेजात फी वाढली तेव्हा आम्ही फक्त व्हॉट्सॲप ग्रुप काढला होता, तोही नंतर वाढदिवसांचा झाला.

रानजाई
गाते म्हणून कमी कसं काय? आपला शाहीरसुद्धा गातो, मधेच बोलतो, परत गातो, कोणी म्हणतं का पोवाडा अशुद्ध झाला म्हणून? १९७७ भारी आहेच, पण विकीला विषय पाहिजेत. तिथे ती बरंचसं स्वतःबद्दल बोलते, बेंगोत नजर बाहेर वळलीय.

बूमबॅप_बंड्या
शाहिरीचा मुद्दा घेतला. तरी माझं मत १९७७ लाच.

सान्तियागो_रिटर्न
धागा बघून राहवलं नाही. २०१९ मध्ये कंपनीने मला चिलीच्या राजधानीत, सान्तियागोला पाठवलं आणि महिन्याभरात, १८ ऑक्टोबरला, सगळं पेटलं. मेट्रोचं तिकीट ३० पेसोंनी वाढलं, शाळकरी पोरं तिकीट न काढता गेटवरून उड्या मारून जायला लागली, तिथून ते कुठल्या कुठे गेलं. '३० पेसो नाही, ३० वर्षं' अशी घोषणा होती, म्हणजे हुकूमशाही जाऊन तीसेक वर्षं होत आली तरी शिक्षण, पेन्शन, पाणी सगळं बाजारातच. दुसऱ्या रात्री कर्फ्यू लागला, मी अकराव्या मजल्यावर खिडकी लावून बसलो होतो, घरी फोनवर 'काही नाही, शांत आहे' म्हणत होतो आणि तेवढ्यात समोरच्या बिल्डिंगमधून कोणीतरी पातेलं बडवायला लागलं. मग शेजारून, मग खालून, मग पूर्ण गल्ली. आई म्हणाली तुमच्याकडे ग्रहण आहे का रे!
याला कासेरोलासो म्हणतात. आनाने त्याच दिवसांत याच नावाचं गाणं काढलं, तालसुद्धा तोच, भांड्यांचा. अल्बममध्ये शोधू नका, सुटं आहे.
विकी, उच्चारांबद्दल सांगतो. चिलीवाले शब्दातला 'स' गिळतात आणि जिथे तिथे 'पो' लावतात, 'सी पो' म्हणजे शुद्ध कोल्हापुरी 'होय की'. ऑफिसात पहिले दोन आठवडे मी नुसता हसून मान हलवायचो. आना त्यामानाने बरीच स्वच्छ बोलते, त्यामुळे घाबरू नकोस.

गिरणगावकर
पातेली बडवणं वाचून आठवलं. १९७२ नंतर महागाईविरुद्ध मृणालताई गोरे, अहिल्याताई रांगणेकर यांनी मुंबईत बायकांचे मोर्चे काढले, थाळी आणि लाटणं हातात. आमची आजी जायची, तिचं एक लाटणं कायमचं वाकडं झालेलं. गंमत म्हणजे चिलीत १९७१ ला रिकाम्या पातेल्यांचा मोर्चा निघाला तो डाव्या आयेंदे सरकारच्या विरोधात. पुढे तीच पातेली पिनोशेविरुद्ध वाजली. पातेल्याला पक्ष नसतो.

चकलीप्रेमी
कोणी कायये त्रेसेचं नाव कसं नाही घेतलं? पोर्तो रिकोचे सावत्र भाऊ, लहानपणी गेटवरचा वॉचमन विचारायचा राहणारा का पाहुणा, म्हणून एकाने नाव घेतलं रेसिदेन्ते, दुसऱ्याने विसितान्ते. २०१० च्या अल्बममधलं 'लातिनोआमेरिका' ऐका, अंगावर काटा. बाकीचा अल्बम मात्र घरच्यांसमोर लावू नका, अनुभवाने सांगते.
क्यूबाचा ओरिशास हा रॅप ग्रुप पण छान, त्यांचा 'आ लो कुबानो' अल्बम. त्यात ५३७ आकडा असलेलं एक गाणं आहे, तो हवानाचा फोन कोड. नाचता येईल असं आहे, पण विकीला नाचायचं नाहीये म्हणे.

घाटावरचा_विकी
सगळ्यांचे आभार राव, एवढं येईल वाटलं नव्हतं. काल रात्री बेंगो पूर्ण ऐकला, बंड्याभाऊ सॉरी. लिरिक्स समोर ठेवून तिसऱ्या खेपेला सोमोस सुर लावलं तर आई स्वयंपाकघरातून म्हणाली, हा पावा कोण वाजवतंय, आवाज वाढव जरा. एक शंका: 'लोस पेसेस गोर्दोस नो पुएदेन बोलार' म्हणजे लठ्ठ मासे उडू शकत नाहीत, एवढं जमलं, पण लठ्ठ मासे म्हणजे कोण?

सान्तियागो_रिटर्न
बडी धेंडं.

घाटावरचा_विकी
हां! आत्ता कळलं. वहीत लिहून ठेवलं. आज १९७७ लावतो.