चुनी गोस्वामी: दोन डगरींवर हात ठेवून काय साधलं?

डावखुरा
चुनी गोस्वामींचा विषय निघाला की ‘फुटबॉल, क्रिकेट, दोन्ही खेळ खेळले हो!’ असा कौतुकाचा सूर लागतो. मला त्यात नुकसानच दिसतं. १९६२ च्या जकार्ता एशियाडमध्ये भारताने फुटबॉलचं सुवर्ण जिंकलं तेव्हा ते कर्णधार होते. उपांत्य सामना दक्षिण व्हिएतनामशी, ३-२, त्यातले दोन गोल त्यांचे. १९६४ च्या आशिया चषकात आपण उपविजेते, कर्णधार तेच. आणि त्याच वर्षी आंतरराष्ट्रीय फुटबॉलला रामराम! जन्म १९३८ चा, म्हणजे ऐन उमेदीची वर्षं. १९६६ च्या एशियाडमध्ये आपण पहिल्याच फेरीत गारद झालो. बदल्यात क्रिकेटला काय मिळालं? ४६ प्रथम श्रेणी सामने, १५९२ धावा, एकच शतक, ४७ बळी. असे खेळाडू रणजीत पैशाला पासरी. तसा फॉरवर्ड पुन्हा दाखवा.

खडूस_मुंबईकर
पैशाला पासरी? १९६८-६९ ची रणजी फायनल काढून बघा. समोर आपली मुंबई, आणि बंगालकडून हा माणूस ९६ आणि ८४ करतो. मुंबईच्या गोलंदाजीपुढे फायनलच्या दोन्ही डावांत असं उभं राहणं म्हणजे गंमत नव्हे. पुढे १९७१-७२ मध्ये बंगालला फायनलपर्यंत नेलं ते कर्णधार म्हणून. तीही आपणच जिंकली, ते सोडा.

आणि १९६६ चं इंदूर विसरलात? सोबर्सचा वेस्ट इंडिज संघ दौऱ्यावर होता. मध्य आणि पूर्व विभागाच्या संयुक्त संघाने त्यांना डावाने हरवलं. चुनीदांचे सामन्यात आठ बळी, पहिल्या डावात पाच. बंगालचा गोलंदाज सुब्रत गुहा दुसऱ्या टोकाने कापत होता हे खरं, पण आठ म्हणजे आठ. कसोटीवीरांनाही जे जमत नव्हतं ते मोहन बागान या फुटबॉल क्लबच्या फॉरवर्डने करून दाखवलं.

डावखुरा
एक इंदूर आणि एक फायनल. दहा वर्षांच्या क्रिकेटमधून एवढंच सांगण्यासारखं असेल तर माझाच मुद्दा पक्का होतो. कसोटीची टोपी काही मिळाली नाही.

थ्रो_इन
तुमचं कालगणित चुकतंय. रणजी पदार्पण १९६२-६३ चं, म्हणजे एशियाडचं सुवर्ण आणि बंगालची टोपी एकाच मोसमातली. क्रिकेटसाठी फुटबॉल सोडलं हे कुठून आलं? मोहन बागानकडून ते १९६८ पर्यंत खेळत होते. १९६३, ६४, ६५ असा सलग तीनदा फुटबॉलचा ड्युरँड चषक बागानने जिंकला तो याच काळात. कलकत्त्याची फुटबॉल लीग पावसाळ्यात, रणजी हिवाळ्यात. दोन्ही जमत होतं.

१९६६ चं खापर चुनीदांवर फोडणंही पटत नाही. प्रशिक्षक सय्यद अब्दुल रहीम १९६३ मध्ये कॅन्सरने गेले. जकार्ताच्या फायनलमध्ये डोक्याला टाके असलेल्या बचावपटू जर्नेलसिंगला सेंटर फॉरवर्डला खेळवून कोरियाविरुद्ध गोल काढून घेणारा माणूस! तो गेल्यावर संघ ढेपाळला तर त्यात क्रिकेटचा काय संबंध?

डावखुरा
उलट आहे. रहीमसाहेब नव्हते म्हणूनच मैदानात अनुभवी कर्णधार हवा होता. प्रशिक्षक आणि कर्णधार वर्षभराच्या अंतराने गेल्यावर उरतं काय? आणि लीग पावसाळ्यात असली तरी रोव्हर्स, ड्युरँड या फुटबॉल स्पर्धा हिवाळ्यातच असायच्या. शरीर एकच असतं हो. इंग्लंडच्या डेनिस कॉम्प्टनचं बघा. आर्सेनलकडून लीग आणि एफए कप जिंकला, १९४७ च्या मोसमात ३८१६ धावाही काढल्या, पण फुटबॉलमध्ये दुखावलेला गुडघा क्रिकेटमध्ये आयुष्यभर नडला. शेवटी वाटी काढावी लागली.

थ्रो_इन
कॉम्प्टन दोन्हीकडे पगारी खेळाडू होता. इथे बँकेत नोकरी करून खेळायचं. देशासाठी फुटबॉल खेळून घर चालत नव्हतं, त्यामुळे ‘करिअर वाया घालवलं’ हा हिशेब त्या काळाला लावताच येत नाही. आणि कॉम्प्टनचा गुडघा गेला, चुनीदांचा नाही. ते १९७२-७३ पर्यंत रणजी खेळले.

खडूस_मुंबईकर
डावखुरा, एकच सांगा. त्यांनी १९६४ नंतर क्रिकेटची बॅट हातात धरलीच नसती, तर तुमच्या फुटबॉल संघात परतले असते याला पुरावा काय?