इग्नालिना बंद केले, हे लिथुआनियाने योग्यच केले

वळीव (धागाकर्ते):
परवा येथील एका सदस्यांनी लिहिले की, लिथुआनियाने युरोपीय संघाच्या दडपणाखाली आपला चांगला चालणारा इग्नालिना अणुवीज प्रकल्प बंद केला आणि शेजाऱ्यांच्या दारात वीज मागत बसण्याची वेळ स्वतःवर ओढवून घेतली. हे वाचून मी अस्वस्थ झालो, कारण त्यातील ‘चांगला चालणारा’ हे विशेषणच मला मान्य नाही. इग्नालिनाच्या दोन्ही अणुभट्ट्या चेर्नोबिलच्याच जातीच्या, आरबीएमके या सोव्हिएत बनावटीच्या प्रकारच्या होत्या. शृंखलाक्रिया आवरणाऱ्या नियंत्रक सळ्यांच्या टोकांना ग्राफाइट असल्यामुळे सळ्या वरून आत सोडताच पहिले काही क्षण अणुभट्टीच्या तळाशी शक्ती घटण्याऐवजी वाढते, हा घातक दोष १९८३च्या अखेरीस पहिली अणुभट्टी सुरू करताना इग्नालिनातच आढळला होता. त्याची खबर असूनही अडीच वर्षांनी चेर्नोबिलची दुर्घटना घडली. अशा यंत्राच्या शेजारी जेमतेम २८-२९ लाखांच्या देशाने कायम राहावे, असा आग्रह आपण इथे बसून कसा धरायचा?

निवृत्त_अभियंता:
ते वाक्य माझेच आहे, म्हणून उत्तर देणे भाग आहे. मी ३१ वर्षे अणुवीज केंद्रात पाळ्या केल्या आहेत. तुम्ही १९८३चा दोष दाखवून २००९ सालचे बंद करणे योग्य ठरवत आहात. मधल्या काळात इंधनाचे समृद्धीकरण वाढवले गेले, सळ्या बदलल्या गेल्या, दुसऱ्या अणुभट्टीत शृंखलाक्रिया थांबवणारी आणखी एक, वेगळ्या धाटणीची यंत्रणा बसवली गेली, आणि या सुधारणांसाठी स्वीडनने वर्षानुवर्षे पैसा आणि माणसे दिली. पहिली अणुभट्टी ३१ डिसेंबर २००४ला, दुसरी ३१ डिसेंबर २००९ला बंद झाली. म्हणजे ज्या यंत्रावर सर्वाधिक दुरुस्ती झाली, तेच मंदीच्या ऐन भरात, अर्थव्यवस्था एका वर्षात १४-१५ टक्क्यांनी आकसलेली असताना थांबवले गेले. देशात तयार होणारी बहुतेक वीज तिथून येत होती. दुसऱ्या दिवसापासून हा देश निर्यातदाराचा आयातदार झाला, आणि आयात मुख्यतः कोणाकडून, तर रशियाकडून. क्रुओनिसचे ९०० मेगावॉटचे उदंचन केंद्र (पाणी वर साठवून गरजेच्या वेळी खाली सोडून वीज करणारे) तर इग्नालिनाची रात्रीची जादा वीज वापरून पाणी वर चढवावे, याच हिशेबाने बांधले होते. त्याचा तो आधारच गेला.

बाल्टिकवासी:
मी त्या वर्षी राजधानी व्हिल्नियसमध्ये शिकत होतो. माझ्या घरमालकीणबाईंचे आयुष्य विसागिनासमध्ये, म्हणजे प्रकल्पाच्या कामगारांच्या गावात, गेले होते. त्यांचे यजमान टर्बाइन विभागात होते. डिसेंबरचे आणि जानेवारीचे अशी दोन वीजबिले त्यांनी शीतकपाटाच्या दारावर एकाच चुंबकाखाली शेजारीशेजारी लावून ठेवली होती, आणि येणाऱ्या प्रत्येकाला त्या काही न बोलता ती दाखवत. पुढे त्यांच्याबरोबर मी विसागिनासला गेलो. पाइनच्या जंगलात वसवलेले हे गाव. त्यातल्या घरांना उष्णता प्रकल्पातूनच मिळत असे. प्रकल्प थांबल्यावर तीच उष्णता वायू जाळून तयार करावी लागली. बाईंच्या बहिणीने स्वयंपाकघरातल्या रेडिएटरवर माझा हात ठेवून विचारले, ‘आता हा आम्हाला परवडतो का?’ वळीव यांचे तांत्रिक म्हणणे मला पटते, पण तो कोमट रेडिएटर मी विसरू शकत नाही.

ओसरी:
सर्वांनी एक गोष्ट सोडली. १२ ऑक्टोबर २००८ला लोकांना विचारले होते, आणि मत देणाऱ्यांपैकी सुमारे ८९ टक्क्यांनी मुदतवाढीच्या बाजूने कौल दिला. तरी किमान ५० टक्के मतदानाची अट होती आणि केवळ ४८ टक्के झाले, म्हणून तो कौल रद्दबातल ठरला. घरी बसलेल्यांना विरोधकांत मोजणारी ही कसली लोकशाही? शिवाय विसागिनासचे बहुसंख्य लोक रशियन भाषक. त्यांना विचारतो कोण?

बाल्टिकवासी:
हे शेवटचे वाक्य चुकीचे आहे आणि ते मी सोडणार नाही. लात्व्हिया-एस्टोनियाने सोव्हिएत काळात आलेल्यांना नागरिकत्वासाठी ताटकळत ठेवले. लिथुआनियाने तिथे राहणाऱ्या सर्वांना ते देऊ केले. विसागिनासच्या लोकांनी मत दिले आणि ते मोजलेही गेले.

ओसरी:
तेवढे मागे घेतो. ५० टक्क्यांच्या अटीवरचा आक्षेप मात्र कायम आहे. शासनाने संघप्रवेशाच्या करारातच बंदची तारीख लिहून दिली होती, मग कौल घेऊन लोकांना आशा का लावली?

वळीव:
अट आधीपासून ठाऊक होती. ती मतदानानंतर घातलेली नाही. आणि कौलच प्रमाण मानायचा, तर २०१२चाही माना. त्या वर्षी विसागिनासला नवा प्रकल्प बांधायचा प्रश्न होता आणि देशभरातल्या मतदारांपैकी साठ टक्क्यांहून अधिक जणांनी ‘नको’ म्हटले. त्याआधी, सप्टेंबर १९८८मध्ये याच देशाच्या लोकांनी प्रकल्पाभोवती मानवी साखळी धरली होती आणि तिसऱ्या अणुभट्टीचे काम थांबले होते. विजेच्या बिलापुरती लोकेच्छा आठवणे आणि भीतीच्या वेळची विसरणे, हे न्यायाचे नाही.

निवृत्त_अभियंता:
हे बोलणे मला लागले. मी बिलासाठी बोलत नाही. स्वातंत्र्य जाहीर केल्यावर एप्रिल १९९०मध्ये मॉस्कोने या देशाचे तेल तोडले, वायू कमी केला, तेव्हा दिवे कशावर लागले होते, याचा विचार करा. आपल्या घरात आपली वीज असणे म्हणजे काय, हे ज्याने रात्रपाळीत जाळे सांभाळले आहे, त्याला विचारा.

वळीव:
तुमच्या रात्रपाळीचा मान राखूनच विचारतो, ती वीज त्यांची होती का? इंधन रशियाचे, विजेच्या जाळ्याची वारंवारता (सेकंदाला पन्नास आवर्तने, म्हणजे ५० हर्ट्झ) मॉस्कोतून सांभाळलेली. स्वतःची वीज खऱ्या अर्थाने आली ती नंतर: २०१४ अखेरीस क्लायपेडा बंदरात द्रवरूप नैसर्गिक वायू उतरवून घेणारे जहाज, मग पोलंड आणि स्वीडनला जोडणाऱ्या तारा, आणि ८ फेब्रुवारी २०२५ला रशियन जाळ्यापासून फारकत. तिन्ही बाल्टिक देश एक दिवस स्वतःच्या बळावर चालले आणि ९ तारखेच्या दुपारी युरोपच्या जाळ्याला जोडले गेले. मी त्या दोन दिवसांत वारंवारतेचे आकडे पाहत जागा होतो.

निवृत्त_अभियंता:
जागे तर मीही होतो. पन्नास हर्ट्झचा काटा हलला नाही, हे काम उत्तम झाले आणि ते मी कबूल करतो. पवनऊर्जेचा वाटा आज तिथे सर्वांत मोठा आहे, हेही मान्य. पण त्यासाठी पंधरा वर्षे लागली, आणि ती पंधरा वर्षे त्या दोन बिलांवर लिहिलेली आहेत. तारा आधी टाकून अणुभट्टी मग थांबवता आली असती. क्रम चुकला, एवढे तरी तुम्ही लिहा.

वळीव:
क्रम चुकला, हे लिहितो. निर्णय चुकला, असे लिहिणार नाही.