पीएसव्हीआर२ वर 'अ‍ॅलिक्स' का येत नाही?

सातरस्ता: माझ्याकडे सोनीचा पीएस५ (गेमिंग कन्सोल) आणि त्याला जोडायचा पीएसव्हीआर२ (डोळ्यांवर लावायचा व्हीआर हेडसेट) आहे. 'हाफ-लाइफ: अ‍ॅलिक्स' हा व्हीआर गेम प्लेस्टेशनच्या स्टोअरवर दिसतच नाही, जुन्या पीएसव्हीआरचे गेमही चालत नाहीत. हेडसेट कमी पडतो का?

होटगीरोड: हेडसेट कमी पडत नाही, भाऊ. अ‍ॅलिक्स व्हॉल्व्ह या कंपनीचा, २०२० साली पीसीसाठी आला आणि पीसी गेम विकणारं स्टीम हे ऑनलाइन दुकानही त्यांचंच. कन्सोलवर आणायचा तर इंजिन (गेम चालवणारं मूळ सॉफ्टवेअर), कंट्रोलर, मेनू सगळं नव्याने जुळवून सोनीच्या चाचण्या पार कराव्या लागतात. खर्च निघेल असं वाटलं तरच कोणी हात घालतो. जुन्या गेमचं वेगळं आहे. तेव्हा समोरचा कॅमेरा हेडसेटवरचे दिवे बघून जागा ओळखायचा, आता कॅमेरे हेडसेटमध्येच आहेत. कंट्रोलरही बदलले. म्हणून प्रत्येक गेम स्वतंत्रपणे सुधारावा लागतो.

पार्कचौक: खेळायचाच असेल तर हेडसेट पीसीला जोडणारा सोनीचा पीसी अ‍ॅडॉप्टर घ्या. त्याला लागणारी डिस्प्लेपोर्ट १.४ केबल (पीसीचं चित्र नेणारी) खोक्यात येत नाही, वेगळी घ्यावी लागते. फक्त एचडीएमआय असलेल्या लॅपटॉपवर पैसे घालू नका. किमान ब्लूटूथ ४.० हवंच, कंट्रोलर अडखळले तर ब्लूटूथचा डोंगल (यूएसबीला लावायचा छोटा तुकडा) कॅबिनेटमागून काढून समोर लावा. पीसीवर एचडीआर (जास्त उजळ-गडद चित्र) आणि आय-ट्रॅकिंग (नजर कुठे आहे ते ओळखणं) मिळत नाही.

होटगीरोड: आणि सोलापूरचं ऊन! लेन्सवर थेट पडलं तर आतला पडदा जळतो. खिडकीपाशी अजिबात ठेवू नका.